नट व्हायला निघालेला मुलगा

स्मरणिकेसाठी लेख द्या, असा निरोप आला तेव्हा सगळ्यांनी शाळेच्या आठवणी लिहायचं ठरवलं होतं. डबे, छड्या, सहल, पावसात गळणारा वर्ग हे सगळं माझ्यापेक्षा चांगलं लिहिणारे आपल्या बॅचमध्ये आहेत. म्हणून मी एका माणसाबद्दल लिहिते आहे जो आपल्या शाळेत कधी आला नाही, पण ज्याच्या गोष्टी आपल्या सगळ्यांच्या लहानपणी होत्या. आठवीच्या स्नेहसंमेलनात आपण राजाच्या नव्या कपड्यांचं नाटक केलं होतं, ती गोष्ट त्याची. गदिमांनी लिहिलेलं आणि आशाताईंनी गायलेलं बदकाच्या पिलाचं गाणं आपण तालासुरात म्हणायचो, त्यामागची गोष्टही त्याचीच. नाव हान्स क्रिश्चन अँडरसन. ही गोष्ट आपल्याकडची नसून डेन्मार्कमधली आहे, हे मला बरंच मोठं झाल्यावर कळलं.

अलीकडे मुलीला वाचून दाखवायला म्हणून त्याचं पुस्तक आणलं आणि प्रस्तावनेत अडकले. मग चरित्र मिळवलं, आत्मचरित्र वाचलं. हा माणूस लेखक व्हायला निघालाच नव्हता. त्याला नट व्हायचं होतं.

2 एप्रिल 1805 ला ओडेन्से नावाच्या गावी त्याचा जन्म झाला. वडील चांभार, आई लोकांचे कपडे धुणारी. वडिलांना वाचायची फार हौस होती आणि शिकायला न मिळाल्याचं दुःखही तेवढंच. एका खोलीत संसार, त्यातच चपला-बुटांचं काम. अँडरसन सांगतो की आईवडिलांचा पलंग एका उमरावाची शवपेटी ठेवायच्या चौथऱ्याच्या लाकडाचा केलेला होता आणि त्याला काळ्या कापडाच्या चिंध्या चिकटलेल्या होत्या. वडील त्याला अरबी भाषेतल्या सुरस गोष्टी वाचून दाखवत. त्यांनी त्याला एक खेळण्यातलं नाटकघर करून दिलं होतं. पोरगा बाहुल्यांचे कपडे शिवायचा आणि एकटाच सगळ्या पात्रांची भाषणं म्हणायचा. सुईदोऱ्यातली ही गती बघून आईला वाटलं की याला शिंप्याकडे घालावं.

नेपोलियनच्या लढायांत वडील दुसऱ्या कुणाच्या जागी पैसे घेऊन सैन्यात गेले, खचून परत आले आणि 1816 मध्ये वारले. पोरगा तेव्हा 11 वर्षांचा. गरिबांच्या शाळेत जेमतेम शिक्षण झालं. मग त्याला कापडाच्या गिरणीत लावला. तिथे तो गोड गळ्याने गायचा, म्हणून कामगारांनी ही मुलगीच असणार म्हणत त्याला धरून चेष्टा केली. आईने त्याला घरी आणलं. 1818 मध्ये कोपनहेगनच्या रॉयल थिएटरची मंडळी ओडेन्सेत खेळ करायला आली. कशीबशी ओळख काढून पोराने त्यात किरकोळ काम मिळवलं. बाकी मंडळी रंगायच्या आधी हा तयार होऊन उभा असायचा. झालं. आता शिंपी-बिंपी काही नाही.

4 सप्टेंबर 1819 ला, 14 वर्षांचा असताना, साठवलेले 13 रिग्सडालर घेऊन तो टपालाच्या घोडागाडीतून निघाला. आईने अगोदर एका भविष्य सांगणाऱ्या बाईला विचारलं होतं. तिने सांगितलं होतं की या मुलासाठी एक दिवस सगळं ओडेन्से दिव्यांनी उजळेल. आईने जाऊ दिलं ते त्या भरवशावर. (आपल्याकडच्या आया मुलांना दहावीनंतर शहरात पाठवताना ज्या धीराने पाठवतात, त्यातला भविष्याचा भाग कमी आणि नातेवाइकांचा जास्त असतो, एवढाच फरक.) याचं मात्र कोपनहेगनमध्ये ओळखीचं कुणीही नव्हतं.

पुढचं थोडं सविस्तर सांगते, कारण मला स्वतःला तो भाग सर्वांत जवळचा वाटतो. गावाहून एक शिफारसपत्र घेऊन तो राजधानीतल्या प्रसिद्ध नर्तकीच्या, मादाम शाल यांच्या घरी गेला. ज्याने पत्र दिलं होतं त्याची आणि बाईंची ओळखसुद्धा नव्हती. या पोराने त्यांच्यासमोर बूट काढले, टोपीची डफली केली आणि सिंड्रेलाच्या ऑपेरातला प्रवेश मोज्यांवर नाचून दाखवला. हातपाय लांब, अंग किडकिडीत, वडिलांच्या जुन्या कोटातून बेतलेला सूट. बाईंना वाटलं हा वेडा आहे. त्यांनी वाटेला लावला. थिएटरच्या प्रमुखाने तर नाटकासाठी तू फार बारीक आहेस असं सांगितलं. उरलेल्या पैशांतून त्याने गॅलरीचं तिकीट काढून नाटक बघितलं. मग सुताराकडे उमेदवारीला राहिला आणि तिथल्या पोरांचं घाणेरडं बोलणं ऐकून पहिल्याच दिवशी निघून आला.

आता परत जावं लागणार, अशी वेळ आली. तेव्हा त्याला आठवलं की सिबोनी नावाचा एक इटालियन गवई इथल्या संगीतशाळेचा प्रमुख झाल्याचं आपण वाचलं आहे. हा सरळ त्याच्या घरी. तिथे त्या दिवशी जेवणावळ चालू होती. मोलकरणीला त्याने दारातच आपली सगळी कहाणी सांगितली, तिने आत जाऊन सांगितली आणि पाहुण्यांसमोर पोराला उभं केलं. तो गायला, नाटकातले उतारे म्हणाला आणि म्हणता म्हणता खरोखरच रडायला लागला. पाहुण्यांत वायसे हे संगीतकार होते. ते स्वतः गरिबीतून वर आलेले. त्यांनी वर्गणी गोळा केली, 70 रिग्सडालर जमले. सिबोनीने शिकवायचं कबूल केलं. सहा-एक महिन्यांत पोराचा आवाज फुटला आणि गाणं संपलं.

तरीही तो परत गेला नाही. एका बदनाम गल्लीत, खिडकी नसलेल्या कोठीच्या खोलीत तो राहत होता. मिळेल त्याच्याकडून मदत घ्यायचा, मिळेल त्याला आपलं नाटक वाचून दाखवायचा. थिएटरच्या नृत्यशाळेत त्याला घेतलं. 1821 मध्ये आर्मिडा नावाच्या बॅलेत त्याला राक्षसाचं काम मिळालं. अनेक राक्षसांपैकी एक, चेहऱ्यावर मुखवटा. पण कार्यक्रमपत्रिकेत पहिल्यांदा त्याचं नाव छापून आलं. तो कागद त्याने दिवसभर जवळ बाळगला आणि रात्री अंथरुणात मेणबत्तीच्या उजेडात पुन्हा पुन्हा बघितला. त्याच पत्रिकेत योहाने पेट्गेस या लहान मुलीचंही नाव होतं. पुढे ती डेन्मार्कची सर्वांत मोठी नटी झाली. ह्याला 1822 च्या मे महिन्यात काढून टाकलं. नट म्हणून कारकीर्द तेवढीच.

तो नाटकं लिहून थिएटरकडे पाठवत होता. पहिलं परत आलं ते या शेऱ्यासह, की लेखकाला प्राथमिक शिक्षणही नाही असं दिसतं, तेव्हा असलं काही पुन्हा पाठवू नये. दुसरंही नाकारलं, पण वाचणाऱ्यांपैकी एकाला त्यात काहीतरी चमक दिसली. थिएटरच्या संचालकांत योनास कोलिन नावाचे एक मोठे सरकारी अधिकारी होते. नाटक करायच्या लायकीचं नाही, पण पोराला शिकवलं पाहिजे, असा त्यांनी निर्णय केला आणि राजा फ्रेडरिक सहावा याच्याकडून फीची सोय करून दिली. मला या गोष्टीतला सर्वांत मोठा माणूस कोलिन वाटतो. नाकारलेल्या अर्जाच्या मागचा माणूस बघायला वेळ कुणाला असतो? मी आता ऑफिसात मुलाखती घेते, एका दिवसात आठ-आठ. मला नसतो.

तर ऑक्टोबर 1822 मध्ये, 17 वर्षांचा हा बाप्या स्लागेल्सेच्या शाळेत दाखल झाला आणि त्याला खालच्या वर्गात, 11-12 वर्षांच्या मुलांबरोबर बसवलं. भूगोल, गणित, लॅटिन, ग्रीक यांपैकी काहीच येत नव्हतं. नकाशावर कोपनहेगन दाखवता येईना. हेडमास्तर मायस्लिंग हे ग्रीक-लॅटिनचे पंडित, चांगले अनुवादक. शिक्षक म्हणून मात्र भयंकर. उत्तर चुकलं की हा घाबरायचा, घाबरला की आणखी चुकायचा, आणि मग त्याच्या उंचीवरून, नाटकी बोलण्यावरून सगळ्या वर्गासमोर टवाळी. कविता लिहायला बंदी. 1825 मध्ये तिघांना देहदंड दिला जाणार होता, तर ते बघायला वरच्या वर्गातल्या मुलांना नेलं गेलं; शिक्षणाचा भाग म्हणून. अँडरसनने ते दृश्य आयुष्यभर विसरलं नाही. 1826 मध्ये मायस्लिंग हेलसिंगोरच्या शाळेत बदलून गेले आणि याला बरोबर घेऊन गेले, राहायलाही त्यांच्याच घरी. तिथे त्याने मरणाऱ्या मुलाच्या तोंडची एक कविता लिहिली. मायस्लिंगनी तिची खिल्ली उडवली. ती पुढे छापली गेली, भाषांतरित झाली, डेन्मार्कभर लोकांना माहीत झाली.

शेवटी एका तरुण शिक्षकाने कोपनहेगनला जाऊन कोलिनना खरा प्रकार सांगितला आणि 1827 मध्ये त्यांनी त्याला तिथून काढलं. निरोप घ्यायला गेला तेव्हा हेडमास्तरांनी सांगितलं की तू कधी पदवीला पोचणार नाहीस, तुझ्या कविता दुकानाच्या माळ्यावर कुजतील आणि तू वेड्यांच्या इस्पितळात मरशील. अनेक वर्षांनी तेच मायस्लिंग रस्त्यात भेटले आणि आपलं चुकलं असं म्हणाले, असं अँडरसनने लिहून ठेवलं आहे. पण डायरीत, म्हातारपणीसुद्धा, आपण वर्गात उभे आहोत, मायस्लिंग प्रश्न विचारताहेत आणि उत्तर येत नाही, अशी स्वप्नं पडल्याच्या नोंदी आहेत. तोवर त्याला राजेरजवाड्यांनी पदकं दिली होती.

इथे थोडं थांबून एक सांगते. आपल्या वर्गात आठवीत एक मुलगा आला होता. आपल्यापेक्षा दोनतीन वर्षांनी मोठा, उंच, मिसरूड फुटलेला, शेवटच्या बाकावर बसायचा. इंग्रजीच्या तासाला त्याला मुद्दाम उभं करून धडा वाचायला लावायचे आणि वर्ग हसायचा. मी पहिल्या बाकावर होते. मीही हसायचे, आणि माझं हसणं सरांना दिसेल असं हसायचे. राजाच्या नाटकात त्याला छत्री धरून उभं राहायचं काम दिलं होतं, कारण उंची. त्याला गावच्या जत्रेतली अख्खी सोंगं पाठ होती, तालमीत मधल्या सुट्टीत तो सगळ्यांची कामं करून दाखवायचा आणि राजाचं तर राजापेक्षा बरं करायचा. नववीनंतर तो दिसला नाही. चरित्रातलं स्लागेल्सेचं प्रकरण वाचताना मला पुस्तक बाजूला ठेवावं लागलं.

असो. अँडरसन 1828 मध्ये विद्यापीठाच्या प्रवेश परीक्षेत पास झाला. पुढच्या परीक्षेत परीक्षक म्हणून समोर कोण, तर ओर्स्टेड. हो, आपल्या विज्ञानाच्या पुस्तकातले. तारेतून वीज सोडली की शेजारची चुंबकसुई हलते, हे 1820 मध्ये दाखवून देणारे. सगळी उत्तरं बरी चालली होती. मग ओर्स्टेडनी विचारलं, विद्युतचुंबकत्वाबद्दल काय माहीत आहे? हा म्हणाला, हा शब्दच मी ऐकलेला नाही. तुमच्या रसायनाच्या पुस्तकात तो नाही. ओर्स्टेड म्हणाले, खरं आहे, पण मी व्याख्यानात सांगितलं होतं. हा म्हणाला, मी एक व्याख्यान सोडून सगळ्यांना हजर होतो, त्याच दिवशी सांगितलं असणार. ओर्स्टेड हसले आणि वरची श्रेणी न देता त्याखालची दिली. ज्याने शोध लावला त्यालाच हे सांगायचं! व्हायव्हाला गडबडलेल्या आम्हा सगळ्या इंजिनिअरांच्या वतीने मी या माणसाला नमस्कार करते. पुढे ओर्स्टेड त्याचे वडीलधारे मित्र झाले.

तिशीपर्यंत त्याने नाटकं, कविता, प्रवासवर्णन, कादंबरी सगळं करून पाहिलं. 1833 मध्ये सरकारी प्रवासवेतनावर तो इटलीला गेला. तो या प्रवासात असताना ओडेन्सेत आई गेली. तिची शेवटची वर्षं दारूत आणि गरिबांच्या आश्रयगृहात गेली होती. 1835 मध्ये इटलीवरची कादंबरी आली आणि तिला यश मिळालं. त्याच वर्षी 8 मे रोजी चार गोष्टींची एक स्वस्त बारीक पुस्तिका निघाली. जादूची चकमकपेटी, मोठा क्लाउस आणि छोटा क्लाउस, वाटाण्यावर झोपलेली राजकन्या आणि छोट्या ईडाची फुलं. टीकाकारांनी झोडपलं. यात बोध नाही, शिस्त नाही, आणि भाषा लिहिल्यासारखी नाही, बोलल्यासारखी आहे. याने यात वेळ घालवू नये. ओर्स्टेडचं मत बरोबर उलटं होतं. कादंबरीने नाव होईल, पण टिकाल ते या गोष्टींनी, असं त्यांनी सांगितलं होतं. अँडरसनला स्वतःलाही तेव्हा ते पटलं नव्हतं.

भाषा बोलल्यासारखी होती हे खरंच होतं. मला वाटतं, राहून गेलेला नट इथे कामाला आला. कागदावर तो वाक्यं मोडतो, मध्येच आवाज काढतो, वाचणाऱ्याशी बोलतो, टिनच्या शिपायाला आणि सुईला वेगवेगळा आवाज देतो. गोष्टी तो आयुष्यभर लोकांना वाचून दाखवत राहिला, श्रीमंतांच्या दिवाणखान्यांत, राजवाड्यांत आणि कोपनहेगनच्या कामगार संघातही. हातात कात्री घेऊन गोष्ट सांगता सांगता कागद कापायचा आणि गोष्ट संपताना कागद उलगडून नर्तकी, राजहंस, सैतान दाखवायचा. त्याची शेकडो कात्रणं अजून जपून ठेवलेली आहेत.

राजाच्या नव्या कपड्यांची गोष्ट त्याने एका जुन्या स्पॅनिश कथेवरून घेतली. त्याच्या पहिल्या खर्ड्यात ते पोर नव्हतंच. मिरवणूक निघते, राजा खूश, सगळे खूश, असाच शेवट होता. पुस्तक छपाईला गेलं, प्रुफं आली आणि मग त्याने एडवर्ड कोलिनला कळवून शेवट बदलायला सांगितला. राजाच्या अंगावर काही नाही, असं म्हणणारं लहान मूल तेव्हा आलं. आमच्या धंद्यात रिलीजच्या आदल्या रात्री कुणी कोड बदलला तर त्याला शिव्या बसतात. इथे 1837 सालचा तो बदल जगातल्या बहुतेक भाषांत पोचला.

हा एडवर्ड म्हणजे योनास कोलिन यांचा मुलगा. त्याच्याबद्दल सांगितल्याशिवाय अँडरसन कळत नाही. कोलिनांच्या घरी याला मुलासारखं वागवत. एडवर्ड त्याचे हिशेब बघायचा, शुद्धलेखन सुधारायचा, प्रकाशकांशी बोलायचा. डॅनिशमध्ये आपल्यासारखेच तू आणि तुम्ही वेगळे आहेत. 1831 मध्ये परदेशातून अँडरसनने त्याला पत्र लिहिलं की आता आपण एकमेकांना अरे-तुरे करू या. एडवर्डने सभ्य, लांबलचक नकार पाठवला. तुम्हीच बरं. मराठी माणसाला या नकाराची धार समजावून सांगावी लागणार नाही. अँडरसनला ती कायम बोचली. 1836 मध्ये एडवर्डचं लग्न झालं. पुढच्या वर्षी जलपरीची गोष्ट आली, जिला माणसांत यायला मिळतं पण आवाज गमवावा लागतो. ही दोन्ही वर्षं अभ्यासक शेजारी ठेवून बघतात.

त्याने लग्न केलं नाही. ज्यांच्यावर जीव लावला त्यांनी त्याला भाऊ म्हटलं किंवा मित्र. स्वीडनची गायिका जेनी लिंड त्यातली सर्वांत प्रसिद्ध. कुरूप पिलाची गोष्ट 1843 च्या नोव्हेंबरमध्ये निघाली आणि तिथून पुढे त्याला कुणी रोखू शकलं नाही. 1838 पासून राजाकडून सालाना मानधन होतंच. एकूण गोष्टी दीडशेहून अधिक झाल्या. गोष्टींच्या पुस्तकांवर 'मुलांसाठी' असं लिहायचं त्याने त्या 1843 च्या पुस्तकापासून बंद केलं.

मोठा झाला म्हणून तो सोपा माणूस झाला नाही, हेही सांगायला हवं. स्वतःबद्दल फार बोलायचा. आईची लग्नाआधीची एक मुलगी होती, ती आपल्याला शोधत येईल या भीतीत त्याची वर्षं गेली. 1842 मध्ये ती खरंच आली, तेव्हा त्याने थोडे पैसे दिले. आगीच्या भीतीने तो प्रवासात दोर बरोबर ठेवायचा. आपण जिवंत असताना कुणी पुरेल या धास्तीने, मी मेलेलो नाही अशा अर्थाची चिठ्ठी झोपताना उशाशी ठेवायचा. 1857 मध्ये तो इंग्लंडला डिकन्सच्या घरी गेला आणि पाच आठवडे राहिला. इंग्रजी बेताचं. एकदा आपल्या कादंबरीची वाईट समीक्षा वाचून तो हिरवळीवर पालथा पडून रडला. पाहुणा गेल्यावर डिकन्सने त्या खोलीच्या आरशावर, घरच्यांना हे दिवस युगासारखे वाटले, अशा अर्थाची चिठ्ठी लावली आणि पुढे त्याच्या पत्रांना उत्तर दिलं नाही. का, ते अँडरसनला कधी उमगलं नाही.

6 डिसेंबर 1867 ला ओडेन्सेने त्याला मानद नागरिकत्व दिलं. गावात रोषणाई झाली, शाळांना सुट्टी, मशाली घेतलेले लोक चौकात. आईला सांगितलेलं भविष्य अक्षरशः खरं झालं. आणि त्या संध्याकाळी त्याची दाढ इतकी दुखत होती की खिडकीतून येणारी थंड हवा सहन होत नव्हती, गाणी आणखी किती उरली आहेत हे तो कागदावर बघत होता.

4 ऑगस्ट 1875 ला कोपनहेगनजवळ, त्याची काळजी घेणाऱ्या मेल्खिओर कुटुंबाच्या बंगल्यात तो गेला. वय 70. त्याच्या पुतळ्याचा आराखडा त्याने हयातीतच पाहिला होता. त्यात मुलं त्याच्या अंगाखांद्याशी झोंबत होती. तो चिडला. मुलं अशी पाठीला चिकटलेली असताना आपण कधीच वाचलं नाही, आणि आपण नुसत्या मुलांसाठी लिहिलेलं नाही, असं त्याने बजावलं. राजाच्या बागेतल्या आजच्या पुतळ्यात तो एकटाच आहे, हातात पुस्तक, दुसरा हात पुढे केलेला, समोर माणसं बसली आहेत असा.

एक विनंती. त्या छत्री धरणाऱ्या मुलाचा नंबर आपल्या ग्रुपवर कुणाकडेच नाही. मी चौघांना विचारलं. नाव इथे लिहीत नाही, तुम्हाला आठवत असेलच. कुणाला ठावठिकाणा माहीत असेल तर मला वैयक्तिक कळवा. संमेलनाला अजून तीन आठवडे आहेत.